कणकेचे बारा गोळे

काका, सप्रेम नमस्कार.

कोपरीच्या तुमच्या घरून निघाले तेव्हा पिशवीत चार पोळ्या होत्या आणि वहीत तीन ओळी. पोळ्या त्याच रात्री संपल्या. ओळी आता छापायला जाताहेत, म्हणून हे पत्र.

शिकारीच्या जुन्या आठवणींचा अनुवाद करताना मी ‘१२ बोर’च्या बंदुकीपाशी अडले होते. एका जाणकारांनी फोनवर अर्धा तास ऐकवलं, नळी १२ मिलिमीटरची असते म्हणून. दुसरे म्हणाले, काडतुसात १२ छर्रे असतात. वर ‘बाईमाणसाला कशाला हव्यात बंदुका’ हेही. छर्ऱ्यांची तळटीप तर मी टाइप करून बसले होते!

तुमची सगळी नोकरी बंदुका दुरुस्त करण्यात गेलेली. टीप वाचलीत, हसला मात्र नाहीत. आत गेलात आणि काकूंनी मळलेली कणीक परातीसकट घेऊन आलात. “हे एक पाऊंड शिसं समजा.” बारा सारखे गोळे वळलेत, सावकाश, एकेक तळहातावर तोलून. “असा एक गोळा ज्या नळीत नेमका बसतो, ती १२ बोर.” मग सगळे मोडून वीस केलेत. गोळे लहान झाले, आणि आकडा वाढला की नळी का बारीक होते ते मला दिसलंच. ठासणीच्या बंदुकांच्या काळातला हा हिशोब, पाऊंडाला किती गोळ्या पडतात त्याचा. खरा शिशाचा गोळा साधारण ३८ ग्रॅमचा, व्यास जेमतेम साडेअठरा मिलिमीटर. म्हणजे गावठी बोराएवढा, असं मी म्हटलं तेव्हा कुठे तुम्ही हसलात. बोर म्हणजे कोरलेलं भोक, आपण पाण्यासाठी बोअर मारतो त्यातलंच, हेही तुम्हीच सांगितलंत.

“आता वीस पोळ्या मीच लाटायच्या ना?” काकू दारातून म्हणाल्या.

त्या दोघा विद्वानांना चुकायचा हक्क होता, माझी त्याबद्दल तक्रार नाही. पण मला अडाणी ठरवल्याशिवाय त्यांना काही सांगताच येत नव्हतं. तुम्ही मला परातीशेजारी पाट दिलात.

मी रिक्षात बसले, तर तुम्ही तीन मजले उतरून मागे आलेले, धापा टाकत. “ते ४१० बोर असतं ना, त्याला हा हिशोब लावू नका. तो इंचातला व्यास आहे, ०.४१०. चुकून लिहाल.” रिक्षाच्या दांडीवर तुमच्या बोटांचं पीठ लागलं होतं.