भांडण टोळ्यांचं, मग माल कोण नेतंय?

संपादक साहेब, नमस्कार.

काँगोची बातमी आली की आतल्या पानावर चार ओळी, टोळीयुद्धात इतके ठार, झालं. मी लॅपटॉप रिपेअरवाला. जुन्या बोर्डवर एक पिवळा चौकोनी कपॅसिटर असतो, तांदळाच्या दाण्याएवढा, त्याच्यावर पट्टी असते ती प्लसची बाजू (नवीन पोरं हमखास उलटा लावतात, मग धूर), तर त्याच्या आत टँटलम नावाचा धातू असतो आणि तो निघतो कोल्टन नावाच्या खनिजातनं. म्हणून हे पत्र.

पूर्व काँगोत रुबायाच्या खाणी आहेत, जगातलं साधारण 15 टक्के कोल्टन तिथलं. एप्रिल 2024 मध्ये एम-23 च्या बंडखोरांनी त्या ताब्यात घेतल्या आणि सरळ टॅक्स बसवला, युनोच्या तज्ज्ञांच्या हिशोबाने महिन्याला कमीत कमी 8 लाख डॉलर. महिन्याला 120 टन माल बॉर्डरपार रवांडात, तिथल्या मालात मिसळला की कागद क्लीन. युनोचे तज्ज्ञ म्हणतात एम-23 ला रवांडाचीच फूस आहे, रवांडा म्हणतं आमचा संबंध नाही. युरोपियन युनियनने फेब्रुवारी 2024 मध्ये याच रवांडाशी खनिजांचा करार केला आणि मार्च 2025 मध्ये त्यांच्याच खाण मंडळाच्या प्रमुखावर निर्बंध घातले, कराराचं विचारलं तर म्हणे फेरविचार चालू आहे. आधी झोप लागली होती का?

आणि सगळे चोर बाहेरचेच असंही नाही बरं. 2002 चा युनोचा रिपोर्ट काढून बघा, काँगोतलेच सत्तेतले लोक आणि तेव्हाच्या युद्धात सरकारच्या मदतीला म्हणून आलेले झिंबाब्वेचे लष्करी अधिकारी, व्यापारी, यांनी मिळून तीन वर्षांत सरकारी खाणींची निदान 5 अब्ज डॉलरची मालमत्ता स्वतःच्या कंपन्यांकडे वळवली, तिजोरीत दमडी नाही. त्याच रिपोर्टमध्ये नियम मोडणाऱ्या 85 कंपन्यांची यादी होती, बेल्जियम, ब्रिटन, अमेरिकेच्यासुद्धा. पुढच्या वर्षी त्यातल्या बऱ्याच जणांपुढे 'प्रकरण मिटलं' असा शेरा! असं युद्ध बंद व्हावं असं यातल्या कुणाला वाटेल सांगा.

तर विनंती एवढीच की पुढच्या वेळी मेलेल्यांच्या आकड्यासोबत माल कुणी उचलला तेही छापा, मग दोन ओळी जास्त गेल्या तरी चालतील.

परवा एका गिऱ्हाइकाने विचारलं, काका, हा पार्ट कुठला? म्हटलं, चायना. पाकिटावर तेवढंच लिहिलेलं असतं.

– एक वाचक, सांगली