मुर्जा सिसिलीचा नव्हताच!

महोदय,

रविवारच्या पुरवणीतला इटालियन सिनेमावरचा लेख आवडला. मात्र मारियो मोनिचेल्लीच्या 'इ सोलिती इन्योती' (१९५८) या चित्रपटाविषयी लिहिताना गास्मान, मास्त्रोयान्नी, तोतो एवढी नावं घेऊन बाकीच्यांची 'इतर कलाकार' म्हणून बोळवण केली आहे. त्या इतरांतला तिबेरिओ मुर्जा माझा फार लाडका.

भुरट्या चोरांच्या टोळीतला तो फेरिबोत्ते. बहिणीला घरात कोंडून ठेवणारा, घराण्याच्या अब्रूपायी कायम भुवया ताणलेला सिसिलियन. (ही बहीण म्हणजे तेव्हा नवखी असलेली क्लाउदिया कार्दिनाले.) पण मुर्जा सिसिलीचा नव्हताच! तो सार्दिनिया बेटावरच्या ओरिस्तानोचा. पोटासाठी बेल्जियममधल्या मार्सिनेलच्या कोळसा खाणीत राबला. १९५६ साली तिथे आग लागून २६२ कामगार दगावले, त्यातले १३६ इटालियन, हा वाचला. पुढे रोमच्या एका हॉटेलात भांडी विसळत असताना सिनेमावाल्यांनी त्याला हेरलं. चेहरा हवा तसा मिळाला, बोली कुठून आणणार? मग रेनातो कोमिनेत्तीने त्याला आवाज दिला. म्हणजे आपल्याकडे मालवणी माणसाला वऱ्हाडी म्हणून उभं करावं आणि पडद्यामागून तिसऱ्यानेच बोलावं, तसलाच प्रकार. त्याच टोळीतला सदा काहीतरी चघळणारा म्हातारा, कार्लो पिसाकाने, हा नेपल्सचा. त्याच्या तोंडी बोलोन्याची बोली घातलेली.

पुढच्याच वर्षी 'ला ग्रांदे ग्वेर्रा'मध्ये मुर्जा पुन्हा सिसिलियन, या वेळी सैनिकाच्या वेषात. शंभराहून अधिक चित्रपट केले, त्यात बहुतेक वेळा हेच. साच्यात अडकला, असं कुणी म्हणेल. मला तसं वाटत नाही. आवाज उसना असताना ती ताठ मान आणि तो भाबडा संताप त्याने सगळा अंगानेच उभा केला, आणि हसवताना स्वतः कधी हसला नाही.

आपण हे चित्रपट सबटायटल्स वाचत पाहतो, त्यामुळे बोलीची ही अदलाबदल आपल्या कानावरून तशीच निघून जाते. मीही पहिल्या दोन खेपांना फसलोच होतो. पुढच्या लेखात दुय्यम नटांसोबत त्यांना आवाज देणाऱ्यांचीही नावं छापावीत, एवढी विनंती.

आपला,
एक नियमित वाचक, ठाणे