आईची भूमिका घेतली आहे

ती. आई-बाबांना,
शिरसाष्टांग नमस्कार.

आई, परवा फोनवर तू विचारलंस, "अगं, तुझ्याहून जेमतेम सात-आठ वर्षांनी लहान मुलगा तो, मालिकेत त्याची आई कशाला झालीस?" शॉट लागला होता म्हणून मी "नंतर बोलते" म्हणत फोन ठेवला. पण तुझा आवाज दिवसभर कानात होता. बाबा मागे बसलेले असूनही एक शब्द बोलले नाहीत, म्हणजे त्यांच्याही मनाला ते लागलंय. असलं बोलणं फोनवर धड होत नाही, म्हणून सविस्तर लिहायला बसले आहे.

पहिली गोष्ट, ही भूमिका मी नाइलाजाने घेतलेली नाही. चाळिशी ओलांडलेल्या बाईला मालिकेत आई, सासू किंवा आत्या यांपलीकडे फारसं काही मिळत नाही हे खरं आहे. नायकाला मात्र वयाची अट नसते, याचा मला राग येतो आणि तो मी संबंधित लोकांना बोलूनही दाखवते. पण या आईला लिहिणाऱ्याने जीव दिलाय. ती नुसती देवघरापुढे हात जोडून उभी राहत नाही. तिचं शिवणकामाचं दुकान आहे, तिच्यावर कर्ज आहे, तिला राग येतो. तीन पानं वाचली आणि हो म्हणून टाकलं.

गेले काही महिने मी अभिनेत्री प्रिया तेंडुलकरविषयी मिळेल ते वाचते आहे. तिचं नाव काढलं की तुम्हाला कल्याणच्या रेल्वे क्वार्टर्समधल्या रविवारच्या सकाळी आठवणार. १९८५ साल. बासू चटर्जींची 'रजनी' ही मालिका दूरदर्शनवर लागायची, प्रिया तीत रजनी होती, आणि आपल्या मजल्यावरची सगळी बिऱ्हाडं टीव्ही असलेल्या घरात जमायची. मी तेव्हा इतकी लहान होते की गोष्ट कळायची नाही. साडी नेसलेली, मोठ्या डोळ्यांची एक बाई काउंटरपलीकडच्या माणसाला ठणकावून विचारते आहे, एवढंच दिसायचं. पण त्यानंतरची तू मला स्पष्ट आठवतेस, आई. सिलिंडर घेऊन आलेल्या माणसाला तू दारातच थांबवलंस, "वजन करून दे" म्हणालीस. तो म्हणाला, काटा नाही आणला. तू म्हणालीस, "मग काटा आण, मी इथेच आहे." पदर खोचून तू उंबऱ्यावर उभी राहिलीस आणि शेजारच्या दोघी आपापल्या दारात येऊन उभ्या राहिल्या. तो काटा घेऊन परत आला. त्याआधी तू भाजीवाल्याशीसुद्धा घासाघीस करत नव्हतीस.

टीव्हीवरच्या एका नटीने हे केलं. टॅक्सीवाल्यांवरच्या भागानंतर मुंबईत टॅक्सीचालकांनी निषेधाचा मोर्चा काढला होता, इतकी ती मालिका लोकांनी खरी मानली. पुढच्याच वर्षी, १९८६ मध्ये, ग्राहक संरक्षण कायदा झाला. तो 'रजनी'मुळे झाला असं मी म्हणणार नाही. बिंदुमाधव जोशींसारखी माणसं ग्राहक चळवळीसाठी कितीतरी आधीपासून राबत होती. पण तक्रार करणं हे भांडखोरपणाचं लक्षण नाही, तो आपला हक्क आहे, ही गोष्ट घराघरातल्या बायकांपर्यंत रजनीने पोचवली. आमच्या धंद्यात याहून मोठं काम मला माहीत नाही.

मात्र प्रिया म्हणजे रजनी, एवढ्यावरच लोक थांबले. ती त्याआधीही होती आणि नंतरही होती. एकोणीस-वीस वर्षांची असताना तिने श्याम बेनेगलांच्या 'अंकुर'मध्ये जमीनदाराच्या मुलाच्या बायकोचं काम केलं. १९७४ चा तो चित्रपट. शबाना आझमी त्यातून मोठी झाली, ते योग्यच होतं. पण प्रियाची ती नवी नवरी घरात येते आणि कुठे काय शिजतंय याचा तिला न सांगता अंदाज येतो, ते पाहा पुन्हा एकदा. तिच्या वाट्याला फार संवाद नाहीत. नजरेने काम केलंय.

आणि बाबा, ती नुसती 'नाटककार विजय तेंडुलकरांची मुलगी' म्हणूनही बसून राहिली नाही. पंचतारांकित हॉटेलात रिसेप्शनिस्ट होती, हवाई सुंदरी होती, मॉडेलिंग केलं, बातम्या वाचल्या. मराठी चित्रपट केले, 'गोंधळात गोंधळ', 'मुंबईचा फौजदार'. नव्वदच्या दशकात स्वतःच्या नावाचा टॉक शो चालवला. या सगळ्यात ती कथा लिहीत होती. 'ज्याचा त्याचा प्रश्न' तुमच्या कपाटात होतं, खाकी कव्हर घातलेलं. ते मी कॉलेजात असताना नुसतं चाळलं होतं. आता वाचायचं आहे, म्हणून पत्राच्या शेवटी एक काम सांगितलंय.

मला सगळ्यात जास्त विचार करायला लावते ती तिची 'हम पांच'मधली भूमिका. १९९५ साली सुरू झालेली मालिका, आपण सगळे पोट धरून हसायचो. अशोक सराफांची मेलेली पहिली बायको, भिंतीवरच्या फोटोतून नवऱ्याशी बोलणारी. ज्या बाईला सगळा देश रजनी म्हणून ओळखत होता, ती दहा वर्षांनी एका चौकटीत जाऊन बसली. हलायचं नाही, चालायचं नाही, हातात काही घ्यायचं नाही, समोरच्याला शिवायचं नाही. फक्त चेहरा आणि आवाज, आणि विनोदाची वेळ मात्र एका क्षणानेही चुकता कामा नये. कुणी म्हणालं असेल, काय हे, फोटो व्हायची वेळ आली. तिने तो फोटो असा काही केला की ती मालिका म्हटलं की आधी ती चौकट डोळ्यापुढे येते. भूमिका लहान-मोठी ठरवताना मी आता हे काम डोळ्यासमोर ठेवते.

आमचं काम कसं चालतं ते तुम्हाला मी कधी नीट सांगितलंच नाही, म्हणून तुम्हाला वाटतं मी दिवसभर दागिने घालून बसते. सकाळी सातचा कॉल असला की साडेपाचला घर सोडायचं. घोडबंदरला सेट आहे. आठवड्याला सहा भाग जायचे असतात, त्यामुळे दिवसाला एका भागाएवढं तरी काम उरकावंच लागतं. सीन पुष्कळदा त्याच दिवशी मोबाइलवर येतात. मेकअप चालू असताना पाठ करायचे. गुरुवारी टीआरपी, म्हणजे किती लोकांनी पाहिलं तो आकडा, आला की सेटवरचा सूर बदलतो. आकडा पडला तर एखादा ट्रॅक, म्हणजे उपकथानक, आठवड्यात गुंडाळतात, आणि त्या ट्रॅकमधल्या नटाला कधीकधी मेकअप रूममध्येच कळतं. पैसे नव्वद दिवसांनी येतात. एका निर्मात्याकडचे माझे पैसे वर्षभर अडकले होते, तेही तुम्हाला सांगितलं नव्हतं. ते मिळाले, काळजी करू नका. पाठपुरावा करून मिळवले. आई, तो काट्याचाच गुण म्हण.

गेल्या आठवड्यातला एक सीन सांगते. मुलाला अपघात झालाय, तो दवाखान्यात बेशुद्ध आणि आई त्याच्याशी बोलते आहे. आधी मास्टर, म्हणजे सगळ्या सीनचा एकत्र शॉट घेतला, मग त्याच्या बाजूचे शॉट. त्याला दुसरीकडे पोचायचं होतं, तो निघून गेला. माझा क्लोज, म्हणजे जवळून चेहऱ्याचा शॉट, शेवटी आला तेव्हा रात्रीचे नऊ वाजून गेले होते. खाटेवर उशा रचून वर चादर टाकलेली, आणि कॅमेऱ्याशेजारी उभी राहून सहायक दिग्दर्शक मुलगी मला क्यू देत होती, म्हणजे समोरच्यांची वाक्यं वाचत होती. बिचारी दमलेली, सपाट आवाजात वाचत होती. डोळ्यांत पाणी आणायला ग्लिसरीन तयार होतं. मी नको म्हटलं. समोर उशा होत्या, पण मला बाबा दिसले, बायपासनंतरच्या सकाळी आयसीयूच्या काचेतून दिसले होते तसे. पहिल्याच टेकला झालं. ती क्यू देणारी मुलगी वाचायची थांबली. लाइटवाले दादा वरून म्हणाले, "ताई, झालं आता, पाणी घ्या." असल्या दिवसांसाठी मी हे काम करते. वय वाढलं म्हणून हे काम हातून जात नाही, उलट आत्ता कुठे जमायला लागलंय.

एक गोष्ट लिहू की नको असं चाललं होतं, पण लिहिते. प्रियाला स्तनाचा कर्करोग झाला होता. १९ सप्टेंबर २००२ ला प्रभादेवीच्या घरी हृदयविकाराच्या झटक्याने ती गेली. अठ्ठेचाळीसही पूर्ण नव्हती. त्याच्या आदल्याच वर्षी विजय तेंडुलकरांनी मुलगा राजा आणि पत्नी निर्मलाबाई दोघांनाही गमावलं होतं. चौऱ्याहत्तर वर्षांचा बाप, आणि वर्ष-दीड वर्षात घर असं रिकामं झालं. बाबा, तुमचंही वय आता त्याच्या आसपास आहे. हे वाचताना मला पहिल्यांदा तुमच्या बाजूने विचार करावासा वाटला. मी बारा-चौदा तास सेटवर असते, वेळेवर जेवत नाही, फोन उचलत नाही, तेव्हा तिकडे तुम्ही दोघं काय विचार करत बसत असाल. तर ऐका. या वर्षीची मॅमोग्राफी आणि बाकीच्या तपासण्या करून घेतल्या आहेत, सगळं व्यवस्थित आहे. रिपोर्टचे फोटो दादाच्या मोबाइलवर पाठवलेत. आणि नव्या करारात बारा तासांच्या वर काम नाही असं लिहून घेतलंय. ते पाळलं जावं म्हणून भांडावं लागेल, ते मी भांडेन.

आई, तुला नातेवाईक विचारतील, "काय गं, मुलगी म्हातारी झाली का टीव्हीत?" त्यांना सांग, ती काम करते आहे. याहून जास्त स्पष्टीकरण कुणाला देऊ नकोस. केस पांढरे केलेत ते मेकअपचे आहेत हे मात्र तूच लक्षात ठेव, नाहीतर पहिल्याच भागाला रडशील. आणि मलाही दोन-तीन कथा लिहून झाल्यात. कुणाला दाखवलेल्या नाहीत. बाबा, तुम्ही पूर्वी माझे निबंध तपासायचात तशा लाल पेनाने तपासून द्याल का?

आता कामाचं. बाबांच्या मोतीबिंदूची तारीख दिवाळीनंतरच्या आठवड्यातली घ्या. तोवर आमची आधीच शूट करून ठेवलेल्या भागांची बँक तयार झालेली असेल, मला चार दिवस सोडतील असं शेड्युलिंगवाल्याने सांगितलंय. डॉक्टरांशी लेन्सचं मी बोलेन, तुम्ही स्वस्तातली घेऊन मोकळे होऊ नका. दादा पुढच्या आठवड्यात ठाण्याला येतोय, त्याच्याजवळ ते खाकी कव्हरचं पुस्तक द्या आणि कुळीथ पीठ थोडं जास्त द्या, सेटवर सगळ्यांना आवडतं. मालिका सोमवारपासून रात्री साडेआठला आहे. पाहून झाली की फोन करा, अकरापर्यंत जागी असते.

तुमची,
मनू