मेलेलं माकड कोणाच्या खात्यात मोडतं?

मा. आरोग्यमंत्री,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई.

विषय : सिंधुदुर्गातील माकडताप, काजूचा हंगाम सुरू होण्याआधी.

महोदय,

सप्रेम नमस्कार. मी दोडामार्ग तालुक्यातला काजू बागायतदार. पाच एकर काजी, थोडी पोफळ, दोन गाई. ग्रामसभेच्या ठरावाखाली सही करणं एवढाच माझा लिहिण्याशी संबंध, त्यामुळे काही कमीजास्त झालं तर सांभाळून घ्यावं. नोव्हेंबर संपत आलाय. काजींना पालवी फुटलीय, मागोमाग मोहोर येईल. फेब्रुवारीत बी पडायला लागली की आम्ही बायकापोरांसकट त्या झाडांखाली वाकलेले असणार. त्याआधी हे पत्र आपल्यापर्यंत पोचावं एवढीच घाई आहे.

गेल्या फेब्रुवारीतली गोष्ट. शनिवारी सकाळी कामाला येणारी बाई बागेतून लगबगीनं परत आली. "भाऊ, काजीखाली केलडो मरान पडलो हा." लाल तोंडाच्या माकडाला आमच्याकडे केलडो म्हणतात, काळ्या तोंडाचा तो वानर. जाऊन पाहिलं तर बुंध्याला टेकून बसल्यासारखा होता. मान कलंडलेली, हात मांडीवर, अंगावर जखमेचा ओरखडा नाही. शेजारी अर्धवट खाल्लेलं बोंड पडलेलं, त्यावर मुंग्या. एरवी हीच केलडी आमच्या बागेची नासधूस करतात, त्यांना आम्ही शिव्या घालतो. पण २०१६ मध्ये आमच्या भागात माकडताप आला, तेव्हापासून मेलेलं माकड दिसलं की माणूस आधी चार पावलं मागे सरतो. मीही सरलो.

मग फोन सुरू केले. कोणाची नावं घालत नाही. ती माणसं वाईट नव्हती, फक्त हे काम त्यांचं नव्हतं. पहिल्या फोनवर विचारलं गेलं, गोळी लागलीय का, तार लावली होती का? नाही म्हटल्यावर तिकडचा आवाज सैल पडला. शिकार नाही म्हणजे गुन्हा नाही. दुसऱ्या ठिकाणी सांगितलं, शवविच्छेदन करायचं तर वरून पत्र लागेल, आणि आज शनिवार. तिसऱ्यानं विचारलं, "माणूस कोणी आजारी आहे का? मग कळवा." चौथा फोन मी पुन्हा पहिल्यालाच केला. सोमवारी दुपारी दोघे जण येऊन पोचले तेव्हा वासानं उभं राहवत नव्हतं. त्यातून तपासणीचा नमुना घेण्यासारखं काही उरलं नव्हतं. लाकडं टाकून जाळलं, पंचनामा झाला, सही केली. गोचिडींवरची पावडर मारायला कोणी आलं नाही.

साहेब, आपल्याकडे डॉक्टर आहेत, त्यांनी आपल्याला हे सांगितलंच असेल. तरी गावातून कसं दिसतं ते सांगतो. हा ताप माकड चावल्यानं येत नाही आणि माणसाकडून माणसाला होत नाही. तो देते गोचीड. कोणी तिला पिसू म्हणतं, पण पिसू उडी मारते, ही चिकटून बसते. माकडाच्या अंगात विषाणू शिरला की ते पुष्कळदा मरतं. अंग थंड पडलं की त्यावरच्या गोचिडी उतरून आजूबाजूच्या पाल्यात शिरतात. म्हणजे जिथे माकड पडलं तिथली आजूबाजूची जागा पुढे कित्येक दिवस धोक्याची. म्हणून तर त्या जागेभोवती मॅलेथिऑनची पावडर मारायची पद्धत आहे. आमच्या दृष्टीनं मेलेलं माकड ही जंगलानं आधीच पाठवलेली नोटीस आहे. ती घ्यायला टेबलावर कोणी नसतं.

दुसरी गोष्ट वेळापत्रकाची. मोठ्या गोचिडी पावसाळ्यात गुरांच्या अंगावर दिसतात, त्या सगळ्यांना माहीत असतात. पाऊस सरता सरता त्यांची पिल्लं बाहेर पडतात. ती रक्त पिऊन कात टाकतात आणि डिसेंबर-जानेवारीपासून जी मधली अवस्था तयार होते, ती तिळापेक्षाही बारीक असते. माणसाला चावते ती मुख्यतः हीच. विषाणू कात टाकल्यावरही तिच्या अंगात राहतो. आता आमचं वेळापत्रक पाहा. जानेवारीत बागेची साफसफाई, गोठ्यात घालायला आणि भाजावळीसाठी, म्हणजे भाताच्या रोपांची जागा (तरवा) भाजायला, पातेरा (वाळका पाला) गोळा करणं, फेब्रुवारी ते एप्रिल काजूबी वेचणं. बायका पातेऱ्याचा भारा छातीशी कवटाळून उचलतात, मग डोक्यावर घेतात. त्यांना सांगायचं काय? पातेऱ्याला हात लावू नका? मग भाताचा तरवा कशावर भाजायचा?

माझ्या वहिनीला मार्चमध्ये ताप आला. ज्या बागेत केलडो पडला होता, तिथेच ती रोज बी वेचायला जायची. एकाएकी अंग भट्टीसारखं तापलं, कपाळ फुटेल असं दुखायला लागलं, पाठ-पिंढऱ्या अशा की पांघरूणही नको. एका दवाखान्यात मलेरियाच्या गोळ्या दिल्या, दुसऱ्यात टायफॉइडचं सलाईन लावलं. हिरड्यांतून रक्त आलं तेव्हा आम्ही रात्री गाडी करून तिला मोठ्या रुग्णालयात नेलं. आठवड्यानं ताप उतरला, घरी आणली. आणि तिसऱ्या आठवड्यात पुन्हा ताप; आता हात असे थरथरायचे की पेजेची वाटी तोंडाशी नेता येईना. या आजारात काहींना असा दुसरा फेरा येतो हे मला नंतर समजलं.

ती वाचली. भाद्रपदापर्यंत तिला विहिरीवरून एक कळशी आणवत नव्हती, पण वाचली. तिला माकडतापच झाला होता असं मी छातीठोकपणे सांगू शकत नाही, कारण तिच्या रक्ताचा नमुना त्या तपासणीला कधी गेलाच नाही. पहिल्या काही दिवसांत विषाणू सापडतो, नंतर रक्तातली प्रतिपिंडं शोधावी लागतात. आम्ही ते दिवस मलेरियाच्या गोळ्यांत घालवले. तेव्हा आपल्या कार्यालयातल्या तक्त्यात आमची वहिनी नाही. माकडाचा नमुना कुजला, माणसाचा पाठवला नाही, आणि तालुक्यात साथ नाही असा अहवाल बिनचूक तयार झाला.

हा विषाणू ओळखला कोणी? आपल्या पुण्यातल्या संस्थेनंच. १९५७ साली तेव्हाच्या म्हैसूर राज्यात, शिमोगा जिल्ह्यातल्या क्यासनूर जंगलात माकडं पटापट मरू लागली, माणसं तापानं फणफणली. तेव्हा पुण्याच्या व्हायरस रिसर्च सेंटरनं हा विषाणू वेगळा काढला. आज त्याच संस्थेला राष्ट्रीय विषाणू विज्ञान संस्था म्हणतात. आधी पीतज्वराची शंका होती, म्हणून जगभरातल्या शास्त्रज्ञांचं लक्ष लागलं होतं. पुढे कित्येक वर्षं हा आजार शिमोग्याच्या आसपासच राहिला. मग गेल्या पंधरा वर्षांत तो घाटाच्या कडेनं पसरताना दिसला: बंदीपूर, निलगिरी, वायनाड, २०१५ मध्ये गोव्याच्या सत्तरी तालुक्यातलं पाली, २०१६ मध्ये आमच्या तालुक्यातलं केर, पुढच्या वर्षी सावंतवाडी तालुक्यातल्या बांद्याचा परिसर. मोर्ले नावाचा गाव आमच्याकडे आहे आणि सत्तरीतही आहे. मधला डोंगर एकच. माकडांची टोळी सकाळी इकडे आणि संध्याकाळी तिकडे असते. पण सत्तरीत माकड मेल्याचं आम्हाला कळतं ते पाव्हण्यारावळ्यांकडून. दोन्हीकडच्या आरोग्य खात्यांनी हंगामात आठवड्यातून एकदा एकमेकांना फोन केला तर त्याला काय खर्च आहे?

या आजारावर नेमकं औषध नाही. सलाईन, रक्तस्रावावर लक्ष, विश्रांती, एवढंच. शंभर रुग्णांत तीन ते पाच दगावतात. कर्नाटकात १९९० पासून दिली जाणारी जुनी लस पुरेसा उपयोग होत नाही म्हणून २०२२ मध्ये बंद झाली. नवी लस येईल तेव्हा येईल. तोपर्यंत आमच्या हातात गोचीड चिकटू नये म्हणून अंगाला लावायचं तेल, पूर्ण बाह्या, संध्याकाळी गरम पाण्यानं आंघोळ, आणि माकड मेल्याची खबर. पहिल्या तिघांचं आम्ही पाहू. तेल मात्र बी पडायच्या आधी मिळावं. एकदा ते आमच्या वाडीत एप्रिलच्या मध्यावर आलं होतं, बायकांनी ते अजून देव्हाऱ्यामागच्या फळीवर ठेवलंय.

गुरांचंही एक वाक्य बोलतो. गोचीड म्हटली की पशुसंवर्धन खातं, असं आपल्याकडे ठरून गेलंय. ते चुकीचं नाही. माझी संकरित गाय दोन वर्षांपूर्वी गोचीड तापानं गेली. कानामागच्या गाठी सुजल्या, डोळे पांढरे पडले, इंजेक्शन मिळेपर्यंत उशीर झाला. तो आजार वेगळा, गोचीडही वेगळ्या जातीची. पण माकडतापाची मोठी गोचीडसुद्धा गुरांवरच पोसते. गुरं स्वतः आजारी पडत नाहीत, फक्त तिला रानातून गोठ्यात आणून सोडतात. भात कापून झाल्यावर आम्ही गुरं उनाड सोडतो, ती आमचीही चूक. ते ऐकून घ्यायला आम्ही तयार आहोत, पण सांगणारा माणूस गोठ्यात यायला हवा.

मागणी फार मोठी नाही. नवी इमारत नको, समिती तर नकोच. दोडामार्ग आणि सावंतवाडी या दोन तालुक्यांत डिसेंबर ते मे एक माणूस नेमा. त्याचा एक फोन नंबर प्रत्येक ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लिहा. माकड मेलं की तो नंबर लावायचा. वन, पशुसंवर्धन, आरोग्य यांच्याशी भांडण त्यानं करायचं, आम्ही नाही. त्याच दिवशी नमुना, त्याच दिवशी पावडर, शनिवार असो की शिमगा. आणि नमुन्याचा निकाल गावाला कळवायचा. आजवर निकाल काय आला हे आम्हाला कोणी सांगितलेलं नाही. तसंच या हंगामात बागेत काम करणारा तापाचा रुग्ण आला, तर मलेरियाबरोबर ही तपासणीही पहिल्याच भेटीत लिहायची, असा लेखी आदेश प्रत्येक प्राथमिक आरोग्य केंद्राला जाऊ द्या. लेखी म्हणतो, कारण तोंडी आदेश बदलीबरोबर जातो.

शेवटी त्या जागेचं. पावडर आली नाही म्हणून मी आणि माझ्या भावानं त्या काजीभोवती शिकेकाईच्या काट्यांची वई घातली, गुरं आणि माणसं आत जाऊ नयेत म्हणून. तिथली बी आम्ही वेचली नाही, तशीच रुजून वर आलीय. पावसात अर्धी वई कुजली, दसऱ्यानंतर नवी घातली. बाई रोज विचारते, "भाऊ, आता काढूक काय हरकत?" ती वई काढायला हरकत आहे की नाही, हे आपल्यापैकी कोणीतरी येऊन पाहून सांगावं.

आपला नम्र,
दोडामार्ग तालुक्यातील एक काजू बागायतदार