विन्याला पत्र : ट्रम्पेट पलंगाखालून बाहेर काढ

डोंबिवली,
शुक्रवार, रात्री साडेअकरा

प्रिय विन्या,

परवा फोनवर "संपलं रे आता माझं" एवढंच म्हणालास आणि ठेवून दिलास. मी परत लावला तर वहिनींनी उचलला. म्हणाल्या, भावजी, पुढचे दोन दात काढले, कवळी बसवली, आणि त्या दिवसापासून ट्रम्पेट पलंगाखाली गेलंय. झाडू मारतानासुद्धा पेटीला हात लावू देत नाहीत. दुसरी गोष्ट त्यांनी आवाज उतरवून सांगितली. गावातल्या शाळेचे मास्तर "बँडच्या पोरांना शिकवाल का" म्हणून विचारायला आले, तर तू त्यांना दारातूनच परत पाठवलंस. चहासुद्धा विचारला नाहीस. लेका, सावंतवाडीत राहून?

तुझ्याशी तोंडी वाद घालणं मला पन्नास वर्षांत जमलेलं नाही. तू मध्येच शिट्टीवर काहीतरी वाजवतोस आणि मी हरतो. म्हणून हे पत्र. कागदावर शिट्टी वाजवता येत नाही.

झालं असं की लंडनला असतो तो माझा भाचा दिवाळीत आला होता, त्याने एक सीडी आणली. मूळ तबकडी १९६९ सालची, नाव 'इंटिग्रेशन'. गिटारवर अमान्सिओ डिसिल्वा. धोबी तलावच्या कुडांतून, म्हणजे गोवेकरांच्या त्या सामायिक बिऱ्हाडांतून, तू गोवेकर वादकांच्या मागे मागे हिंडायचास, त्यांच्याच मुलखातल्या घराण्यातला हा माणूस. जन्म मुंबईचा, गिटार स्वतःच शिकलेला, १९६७ साली लंडनला गेला. तबकडीवरच्या गतींची नावं तरी बघ, 'गँजेस', 'जयपूर', 'महाराणी'. आता मी काही जॅझमधला जाणकार नाही, तू जेवढं कानात ओतलंस तेवढंच. पण गिटारच्या बरोबरीने एक ट्रम्पेट चालतं, आणि ते गिटारवर कुठेही चढून बसत नाही. पाहुणा घरात शिरताना चपला बाहेर काढून येतो ना, तसं. मी भाच्याला विचारलं, हा कोण? म्हणाला, इयन कार.

मग महिनाभर मी या कारच्या मागे लागलो. (आडनावाचा मोटारीशी संबंध नाही. आमच्या सौ.नी हा विनोद चार वेळा केला, म्हणून आधीच लिहून टाकतो.)

माणूस जन्माने स्कॉटिश, १९३३ सालचा, डम्फ्रीझचा. वाढला मात्र इंग्लंडच्या ईशान्य भागात. ट्रम्पेट हातात आलं तेव्हा सतरा वर्षांचा होता आणि शिकवायला कोणी नव्हतं. आपलं आपण. पुढे न्यूकॅसलला इंग्रजी साहित्यात पदवी, मग शिक्षकाची पदविका, मग तेव्हाची दोन वर्षांची सक्तीची लष्करी नोकरी, मग युरोपात भटकंती. धंदा म्हणून वाजवायला लागला १९६० साली, न्यूकॅसलमध्ये, धाकटा भाऊ माइक याच्याबरोबर 'एमसी फाइव्ह' नावाच्या बँडमध्ये. म्हणजे सत्ताविशीत. तू त्या वयात लग्नाच्या वरातींतून ओठ सुजवून घेऊन, नाक्यावरच्या इराण्याकडे बसून "उशीर झाला रे आपल्याला" म्हणत होतास, आठवतं? आणि ती पदविका ध्यानात ठेव. धंद्याने वादक होण्याआधी मास्तरकीचा कागद खिशात होता.

लंडनला आल्यावर डॉन रेंडेल नावाच्या सॅक्सोफोनवाल्याशी त्याची जोडी जमली. रेंडेल वयाने सात वर्षांनी मोठा, नाव झालेला. १९६३ ते १९६९ हे पाच जणांचं पथक चाललं, पाच तबकड्या निघाल्या. त्या काळी इंग्लंडातला जॅझवाला म्हणजे अमेरिकेतून आलेल्या गाण्यांवर हात साफ करणारा, अशी रीत होती. आपल्याकडे नव्हतं का, हॉटेलातल्या बँडने तेच वाजवायचं जे तिकडून तबकडीवर आलंय? या पाच जणांनी स्वतःच्या रचना वाजवायच्या ठरवल्या. तबकड्या खपल्या बेताच्या. आज त्यांच्या पहिल्या आवृत्त्या शौकीन लोक भरमसाट पैसे मोजून घेतात म्हणे; त्यातला एक पैसा वाजवणाऱ्यांना मिळायचा नाही हे तुला मी सांगायला नको.

इथे एक गंमत सांगतो, विषय सोडून. त्यांच्या तिसऱ्या तबकडीवर 'ब्लॅक मॅरिगोल्ड्स' नावाची रचना आहे, पियानोवाल्या मायकेल गॅरिकची. काळे झेंडू कुठून आले, म्हणून शोधलं. ते नाव आहे आपल्या बिल्हणाच्या 'चौरपंचाशिके'च्या इंग्रजी भाषांतराचं! राजकन्येवर प्रेम केलं म्हणून फाशी जायला निघालेला कवी एकेक श्लोक म्हणतो, 'अद्यापि', 'अजूनही', अशी सुरुवात करून. तोच बिल्हण जो कल्याणीच्या चालुक्यांच्या दरबारी होता. काश्मीरहून निघालेला कवी दक्षिणेत येतो आणि नऊशे वर्षांनी लंडनच्या स्टुडिओत त्याच्या नावाने ट्रम्पेट वाजतं. आपण शाळेत त्याचं नावसुद्धा नीट पाठ केलं नव्हतं.

बरं. १९६९ हे साल त्याचं फार गर्दीचं. 'इंटिग्रेशन' त्याच वर्षीची, आणि त्याच वर्षी डिसिल्वाबरोबर दुसरी तबकडी 'हम दोनो', जमैकात जन्मलेल्या जो हॅरियटच्या सॅक्सोफोनसह. तिच्यावर 'बॅलड फॉर गोवा' अशी एक रचना आहे. मी ती रात्री दिवा मालवून ऐकली. तूही ऐकशील, पण माझ्यासमोर, म्हणजे तुझं तोंड मला बघता येईल.

आणि त्याच सप्टेंबरात रेंडेलला सोडून त्याने स्वतःचा बँड काढला, 'न्यूक्लिअस'. विजेची गिटार, विजेचा पियानो, रॉकचा ठेका, वर ट्रम्पेट. जुन्या शौकिनांनी नाकं मुरडली असणार; तूही मुरडलीच असतीस, ऑर्गन आला तेव्हा किती दिवस बोलला नव्हतास! पहिली तबकडी 'इलास्टिक रॉक', १९७०. तिच्यात गती एकमेकींत मिसळत जातात, मध्ये टाळ्या वाजवायला जागाच ठेवलेली नाही. त्याच उन्हाळ्यात स्वित्झर्लंडच्या माँत्र्यू महोत्सवात पहिलं बक्षीस मिळालं आणि तिथून बँड थेट अमेरिकेच्या न्यूपोर्ट महोत्सवात.

पण मला त्यात आवडली ती दुसरीच गोष्ट. बँड याचा, नाव याचं, आणि त्या पहिल्या दिवसांत वाजवायच्या रचनांतला मोठा वाटा कुणाचा, तर कार्ल जेंकिन्सचा. वेल्सचा पोरगा, कारपेक्षा अकरा वर्षांनी लहान, ज्याला जॅझमध्ये सहसा कुणी शिरकाव देत नाही ते ओबो, सनईच्या जातीचं वाद्य, वाजवायचा. कारने त्याला लिहू दिलं. दोनतीन वर्षांत जेंकिन्स आणि ड्रमवाला जॉन मार्शल दोघेही 'सॉफ्ट मशीन' नावाच्या दुसऱ्या बँडमध्ये गेले, आणि जेंकिन्सने न्यूक्लिअससाठी बांधलेली एक जबरदस्त गत तिकडे नव्या नावाने पुन्हा वाजू लागली. दुसरा असता तर कोर्टात गेला असता. तुझ्या बँडमधला तो क्लॅरिनेटवाला दुसरीकडे गेला तेव्हा तू तीन महिने गल्ली बदलून जायचास. जेंकिन्स आज सर कार्ल जेंकिन्स आहे, जगभरच्या गायकवृंदांना त्याच्या रचना पाठ आहेत.

त्यानंतरच्या तबकड्यांची यादी देत नाही, डझनभर आहेत आणि सगळ्या मला सारख्या आवडल्या नाहीत. काहींत ठेकाच फार, माणूस कमी. 'लॅबिरिंथ' मात्र ऐक. १९७३ची, ग्रीक लोकांच्या त्या बैलतोंड्या राक्षसाच्या गोष्टीवर बांधलेली. नॉर्मा विन्स्टनचा आवाज आणि कारच्या जोडीला ट्रम्पेट-फ्लूगलहॉर्नवाला केनी व्हीलर. फ्लूगलहॉर्न म्हणजे काय हे तू मला समजावलं होतंस, नळी तोंडापासून हळूहळू रुंदावत जाते म्हणून सुराला धार कमी आणि ऊब जास्त. ते वाक्य मला इथे ऐकताना कळलं. चाळीस वर्षं उशिरा.

जर्मनीतही त्याचं एक बिऱ्हाड होतं. श्टुटगार्टला १९७५च्या सुमाराला टेलिव्हिजनवरच्या तरुणांच्या कार्यक्रमासाठी 'युनायटेड जॅझ अँड रॉक आन्सांब्ल' उभं राहिलं, त्यात तो सुरुवातीपासून. त्यातला जवळजवळ प्रत्येक जण स्वतःच्या बँडचा म्होरक्या. सगळे नवरदेव, वऱ्हाडी कोणीच नाही! आपल्याकडे अशी मंडळी एका खोलीत दहा मिनिटं टिकली नसती. ते अनेक वर्षं टिकले.

मधली वर्षं वाईट गेली. मन खचलं होतं, उपचार घ्यावे लागले. त्या काळोखातून वर आल्यावरच्या तबकडीचं नाव 'आउट ऑफ द लाँग डार्क', १९७९. यावर मी जास्त लिहीत नाही. का ते तुला माहीत आहे.

आता ज्यासाठी एवढी शाई घालवली ते. हा माणूस वाजवता वाजवता लिहीत होता. १९७३ साली ब्रिटनमधल्या समकालीन जॅझवर पुस्तक लिहिलं, त्यात आपल्याबरोबरच्या आणि आपल्याशी स्पर्धेत असलेल्या वादकांवर प्रकरणं, आणि सरकारदरबारी या लोकांकडे कसं दुर्लक्ष होतं ते स्पष्ट शब्दांत. १९८२ साली माइल्स डेव्हिसचं चरित्र. अरे, एका ट्रम्पेटवाल्याने दुसऱ्या ट्रम्पेटवाल्यावर एवढं जाडजूड पुस्तक लिहावं, आणि त्यात स्वतःची फुशारकी नाही, पुराव्याला माइल्सच्या वाजवण्याचं नोटेशन! तू मला कधी दुसऱ्या कुणा ट्रम्पेटवाल्याबद्दल सलग दोन वाक्यं चांगली बोललेला आठवत नाहीस.

आणि शिकवत होता. लंडनच्या गिल्डहॉल स्कूलमध्ये सहयोगी प्राध्यापक, ते ठीक, मोठी संस्था. पण उत्तर लंडनमध्ये केंटिश टाउनला 'वीकेंड आर्ट्स कॉलेज' म्हणून होतं, फी परवडत नाही अशा घरांतल्या पोरांसाठी काढलेलं. तिथे तो जॅझची कार्यशाळा घ्यायचा. माँत्र्यूचं बक्षीस घेतलेला माणूस, सुट्टीच्या दिवशी, पोराटोरांत. त्या खोलीतून पियानोवाला ज्युलियन जोसेफ निघाला, माँडेझीर भाऊ निघाले, एक ड्रमवर, एक बास गिटारवर. निकी योह ही पियानोवाली पोरगी त्याच्याकडे शिकली. यांतल्या कुणाच्याही हातात त्याने ट्रम्पेट दिलं नाही, हे तुझ्या लक्षात आलं का? पियानो, ड्रम, बास. मग शिकवलं काय? ऐकायला शिकवलं असणार. कधी थांबायचं ते शिकवलं असणार. हा माझा अंदाज आहे, पण अंदाज कशावरून करतो ते सांगतो.

गिरगावच्या खोलीत तू मला ट्रम्पेट शिकवायचा प्रयत्न केला होतास. माझ्या ओठांतून फक्त थुंकी निघाली. मग तू म्हणालास, सोड, तू नुसता मोज. आणि पावसाळाभर मला मात्रा मोजायला बसवलंस, खालच्या मजल्यावरच्या काकू "अहो, भजन कधी संपणार" विचारेपर्यंत. मला आजतागायत एक सूर वाजवता येत नाही. पण डिसिल्वाच्या तबकडीवर कार चार मात्रा गप्प बसला तेव्हा मला ते कळलं, भाच्याला कळलं नाही. तो तुझ्यामुळे कळलेला गप्पपणा आहे. तेव्हा तुझे बत्तीसच्या बत्तीस दात शाबूत होते, पण शिकवताना त्यातला एकही लागला नव्हता.

शेवटची वर्षं कारची विस्मरणात गेली, अल्झायमर. २००९च्या फेब्रुवारीत गेला. हे लिहू की नको असं झालं होतं. पण तुझ्यापासून काही लपवून लिहायची सवय नाही.

कवळीचं म्हणशील तर पहिले काही महिने हवा निसटते, सूर लागत नाही, हे मी मुद्दाम आमच्या दंतवैद्यांना विचारून आलो. बाईंनी मला विचारलं, तुम्ही वाजवता का? मी म्हटलं, मोजतो. त्या म्हणाल्या, पुढचे दात गेल्यावर माउथपीसचा दाब कुठे द्यायचा ते ओठांना नव्याने शिकावं लागतं. रोज थोडा वेळ, नुसते लांब सूर. म्हणजे तुलाही त्या पोरांबरोबर पहिल्या धड्यापासूनच सुरुवात करायची आहे. बरोबरीने बसा.

मी पुढच्या आठवड्यात तुतारी एक्सप्रेसने येतोय. ठाण्याला मध्यरात्रीनंतर चढेन, दुपारपर्यंत सावंतवाडी रोडला. गाडीचं नाव मी ठेवलेलं नाही, रेल्वेने ठेवलंय, केशवसुतांच्या कवितेवरून. तेव्हा माझ्यावर चिडू नकोस. सीडी आणतो, वाजवायचं यंत्रही आणतो, कारण तुझं बंद पडलंय असं वहिनी म्हणाल्या. त्या मास्तरांना संध्याकाळी घरी बोलावून ठेव. चहा मी करीन. पोरांकडे किती ट्रम्पेटं आहेत आणि त्यांचे पिस्टन चालतात का, तेवढं विचारून ठेव, नाहीतर इथून येताना तेलाची बाटली घ्यायला हवी.

वहिनींना नमस्कार. सोलकढी फक्कड लागते, पण मिरची कमी.

तुझा,
बाळू