पन्नास टक्के कशाचे?

महोदय,

‘बुद्धी ५० टक्के आनुवंशिक’ अशा मथळ्यांवरून मुलाची निम्मी बुद्धी जन्मतःच ठरलेली असते, असा समज पालक करून घेतात. तो साफ चुकीचा आहे. आकडा निघतो कसा, हे बातमीत नसते म्हणून हा घोळ होतो.

एकसारख्या जुळ्यांची जनुके जवळजवळ तंतोतंत सारखी असतात. वेगळ्या दिसणाऱ्या जुळ्यांत, माणसागणिक बदलणाऱ्या जनुकांपैकी सरासरी निम्मी जुळतात. समजा, एखाद्या चाचणीत पहिल्या जोड्यांचा सहसंबंध (जोडीतल्या दोघांचे गुण किती जुळतात याचे माप) ०.७५ आला आणि दुसऱ्यांचा ०.५०. फरक ०.२५; तो निम्म्याच जनुकांमुळे पडलेला, म्हणून त्याची दुप्पट ०.५०. हेच ते ५० टक्के! ते त्या गटातल्या माणसामाणसांमधल्या फरकाचे आहेत, कोणा एकाच्या बुद्धीचे नव्हेत. उद्या सगळ्या मुलांना सारखीच शाळा आणि सारखाच आहार मिळाला, तर परिस्थितीमुळे पडणारा फरक आटेल आणि आनुवंशिकतेचा टक्का वाढेल. जनुके होती तीच राहतील. शिवाय एकसारख्या जुळ्यांना घरीदारी अधिक सारखे वागवले जात असेल, तर आकडा फुगतो.

‘अमुक गुणाचे जनुक’ ही भाषा तर सोडूनच द्यावी. सेरोटोनिन हे मेंदूतले रसायन वाहून नेणाऱ्या प्रथिनाच्या जनुकाचा तणाव आणि नैराश्याशी असलेला संबंध २००३ मध्ये फार गाजला. २०१९ मध्ये लाखो लोकांच्या माहितीवर अशी १८ नामांकित जनुके पारखली गेली, तेव्हा इतर कोणत्याही जनुकांपेक्षा ती सरस ठरली नाहीत. एकेका जनुकाचा परिणाम अतिसूक्ष्म असतो. शे-पाचशे माणसांत जे दिसते ते बहुधा योगायोगाचे असते. २०१८ मध्ये सुमारे ११ लाख लोकांच्या अभ्यासात शिक्षणाच्या वर्षांशी निगडित १,२७१ जागा जनुकसंचात सापडल्या. अशा असंख्य जागांचे परिणाम जोडून काढलेल्या एकत्रित गुणांकाने लोकांच्या शिक्षणाच्या वर्षांतल्या फरकाचा ११ ते १३ टक्के भाग उलगडला. हे सारे लोक युरोपीय वंशाचे होते. इतर वंशांच्या लोकांत तो गुणांक बराच लंगडा पडतो, म्हणून लाळेच्या चाचणीवरून मुलाचा ‘कल’ सांगणाऱ्या अहवालांवर पैसे घालवू नयेत.

आणि आनुवंशिक म्हणजे अटळ, असेही नाही. फिनाइलकीटोन्युरिया या जन्मजात आजारात आई आणि वडील दोघांकडून सदोष जनुक येते. उपचार झाले नाहीत तर मेंदूचा विकास गंभीरपणे खुंटतो. पण बाळाच्या टाचेतून घेतलेल्या रक्ताच्या थेंबांवरून निदान करून पहिल्या काही दिवसांतच फिनाइलअलानिन हा प्रथिनांतला घटक आहारातून मोजूनमापून दिला, तर ही हानी टळते. आहार मात्र पुढेही सांभाळावा लागतो.

अशी बातमी छापताना अभ्यास किती लोकांवर झाला, ते कोणत्या गटातले होते आणि निष्कर्ष दुसऱ्या नमुन्यात पुन्हा मिळाला का, एवढे तीन तपशील द्यावेत, ही विनंती.

– वर्तन-जनुकशास्त्राचे अभ्यासक