आर्काडीहून आल्यावर

प्रिय मित्रा,

काल ग्रीसमधल्या क्रीट बेटावरच्या आर्काडीच्या ख्रिस्ती मठात जाऊन आलो. रात्रभर झोप नाही, म्हणून लिहायला बसलोय. कॉलेजात तू तावातावाने म्हणायचास, "धर्म गरिबाला सोसायला शिकवतो." तेव्हा मला उत्तर सुचायचं नाही.

१८६६ साली क्रीटवर तुर्की सुलतानाचं राज्य होतं. बंड पेटलं आणि तिथल्या रेथिम्नो भागातल्या बंडखोर समितीचा अध्यक्ष कोण, तर या मठाचा महंत गाब्रिएल! समितीला हाकल, नाहीतर मठ जमीनदोस्त करतो, असं पाशाने बजावलं. गाब्रिएल बधला नाही. आसपासच्या गावांतल्या बायका पोरांना घेऊन मठाच्या आसऱ्याला आल्या. आत ९६४ माणसं, त्यात हत्यारबंद जेमतेम २५९. ८ नोव्हेंबरला फौज येऊन धडकली. त्यांच्या पंचांगात तो देवदूत मिखाएल आणि गाब्रिएल यांचा सण, म्हणजे महंताचा नामदिन! वेढा घालणाऱ्यांत क्रीटचेच मुसलमानही होते, एकाच मातीतले. त्याचं मला फार वाईट वाटलं.

दुसऱ्या दिवशी दरवाजा फुटला. बायकापोरं बंदुकीच्या दारूच्या कोठारात दाटीवाटीने जमली होती. शत्रू दाराशी आला तेव्हा आदेले गावच्या कोन्स्तान्तिनोस याम्बुदाकिसने दारूच्या पिंपांना बत्ती दिली.

स्फोटात उडालेल्या त्या कोठाराला आजही छप्पर नाही. आत उभं राहिलं की वर नुसतं आभाळ. मी भिंतीला हात लावला, उन्हाने दगड तापला होता, आणि मला एकदम रडू आलं.

तुझं म्हणणं इथे खोटं पडतं रे. या माणसांना प्रार्थना आणि बंड ही दोन वेगळी कामं वाटलीच नाहीत. पण माझंही समाधान होत नाही. महंताने जाणूनबुजून मरण पत्करलं. कडेवरच्या पोराला कोणी विचारलं होतं? सगळ्यांनी मिळून ठरवलं असं सांगतात. असेलही. तरी त्या पोराशी माझं मन अडतं. आणि हातात बत्ती घेतलेल्या त्या माणसाला दोष द्यायला जीभही रेटत नाही.

मठाबाहेर जुन्या पवनचक्कीत मेलेल्यांच्या कवट्या काचेच्या कपाटात ठेवल्यात. काहींवर घावांच्या खुणा अजून स्पष्ट आहेत. माझ्यापुढे एक म्हातारी होती. तिने क्रूसाची खूण केली, काचेवर हात टेकला आणि बराच वेळ तशीच उभी राहिली. मी मागे थांबलो.

तू हवा होतास. पायरीवर बसून पुन्हा भांडलो असतो. सविस्तर उत्तर लिही.

तुझाच